आर्नोल्ड हिल्स : गोदीचा मालक आणि हौशी खेळाचा हट्ट

खाडीकाठचा

लंडनच्या वेस्ट हॅम युनायटेड या फुटबॉल संघाच्या मानचिन्हावर एकमेकांना छेद देणारे दोन हातोडे आहेत. प्रीमियर लीग बघणारी आपल्याकडची पोरं ते झोपेतही ओळखतील. पण हे हातोडे जहाजाच्या पत्र्यांवर रिव्हेट (पत्रे जोडणारे जाड खिळे) ठोकणाऱ्या कामगारांचे आहेत, हा संघ मुळात एका जहाजबांधणी कारखान्याचा होता, हे फार जणांना ठाऊक नसतं. त्या कारखान्याचे मालक आर्नोल्ड फ्रँक हिल्स. गेली काही वर्षं हा माणूस माझ्या डोक्यातून जात नाही. त्यांनी संघ उभा केला, त्यावर पैसा ओतला, आणि पगारी खेळाडू येऊ लागल्यावर त्याच संघाकडे पाठ फिरवली. त्यांना उदार म्हणायचं की हटवादी? मला वाटतं, त्यांची उदारता आणि त्यांचा हट्ट एकाच मुळातून आले होते. म्हणून हा धागा.

हिल्स यांचा जन्म १८५७ चा. वडील फ्रँक क्लार्क हिल्स रसायनांच्या धंद्यातले बडे कारखानदार. मुलगा हॅरो शाळेत शिकला आणि पुढे ऑक्सफर्डला गेला. पैसा होता, वेळ होता, आणि पायांत विलक्षण ताकद होती. १८७७ साली एफए कप या इंग्लंडच्या फुटबॉल स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ऑक्सफर्ड विद्यापीठाकडून ते खेळले. समोर वाँडरर्स होते आणि जादा वेळेत ऑक्सफर्ड २-१ ने हरलं. त्या सामन्यात वाँडरर्सचा गोलरक्षक आर्थर किनेर्ड चेंडू हातात धरून मागे सरकताना गोलरेषेच्या आत गेला आणि ऑक्सफर्डच्या खात्यावर गोल लागला. पुढे कित्येक दशकं नोंदींमधून तो गोल गायब होता, नंतर पुन्हा ग्राह्य धरला गेला.

१८७८ मध्ये हिल्स एक मैलाच्या शर्यतीत इंग्लंडचे विजेते ठरले. पुढच्या वर्षी ५ एप्रिलला केनिंग्टन ओव्हलवर ते इंग्लंडकडून स्कॉटलंडविरुद्ध उतरले. मध्यंतराला इंग्लंड १-४ ने मागे होतं आणि सामना त्यांनी ५-४ असा जिंकला. हिल्स यांचा तो एकमेव आंतरराष्ट्रीय सामना. पण असा सामना तेविशीच्या आत ज्याच्या वाट्याला आला, त्याला खेळ म्हणजे पैशाच्या पलीकडची गोष्ट वाटली तर नवल नाही.

१८८० मध्ये ते थेम्स आयर्नवर्क्स या कंपनीच्या संचालक मंडळावर आले. बो क्रीक ही खाडी जिथे थेम्सला मिळते तिथे हा कारखाना. ब्रिटिश आरमाराची पहिली संपूर्ण लोखंडी सांगाड्याची चिलखती युद्धनौका, वॉरियर, १८६० साली इथेच पाण्यात उतरली होती. शेजारची कॅनिंग टाउन ही वस्ती दलदलीवर वाढलेली. लंडनमध्ये नको असलेले धुराचे आणि दुर्गंधीचे उद्योग या बाजूला येऊन साठले होते. हिल्स यांनी काय केलं, तर ईस्ट इंडिया डॉक रोडवर एक लहानसं घर घेतलं आणि पाच वर्षं तिथे राहिले. मालकाने कामगारांच्या वस्तीत बिऱ्हाड थाटायचं ही त्या काळी सहज घडणारी गोष्ट नव्हती. काम सुटल्यावर माणसं जाणार कुठे, तर दारूच्या गुत्त्यात, हे त्यांनी तिथे राहून पाहिलं. ते स्वतः दारूला स्पर्श न करणारे होते आणि मद्यपानबंदीचे कडवे प्रचारक.

१८८९ ते १८९२ या काळात कारखान्यात संपांमागून संप झाले. त्यातून हिल्स यांनी दोन पावलं उचलली. १८९२ मध्ये ‘गुड फेलोशिप’ नावाची योजना आली : ठरलेली मजुरी तर मिळणारच, पण एखादं काम अंदाजित खर्चापेक्षा कमी खर्चात पुरं झालं तर वाचलेला पैसा त्या कामावरच्या माणसांत बोनस म्हणून वाटायचा. १८९४ मध्ये आठ तासांचा दिवस आला. इंग्लंडच्या यंत्रकारखान्यांत तेव्हा आठवड्याला ५४ तास काम चाले. तीन वर्षांनी याच आठ तासांच्या मागणीवरून देशभर मोठी टाळेबंदी झाली, हे लक्षात घेतलं की १८९४ चं पाऊल किती पुढचं होतं ते कळतं.

आणि मग क्लब. क्रिकेट, नौकानयन, सायकल, धावणं, संगीत, बँड, संध्याकाळचे वर्ग. कारखान्याचं स्वतःचं त्रैमासिकही होतं. १८९५ च्या उन्हाळ्यात फुटबॉल क्लबची घोषणा झाली. पुढाकार डेव्ह टेलर या फोरमनचा, पाठबळ मालकाचं. वर्गणी वर्षाला अडीच शिलिंग. पहिल्याच मोसमात एफए कपमध्ये चॅटहॅमकडून ५-० असा मार खाल्ला. त्याच मोसमात विजेच्या दिव्यांखाली सामनेही झाले. चेंडू दिसावा म्हणून तो चुन्याच्या पाण्यात बुडवून काढायचे! जहाजांवर विजेची कामं करणारा कारखाना होता, त्यामुळे दिवे लावायला बाहेरचं कोणी बोलवावं लागलं नसणार.

१८९७ मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीला ६० वर्षं झाली त्या निमित्ताने, मेमोरियल ग्राउंड्स हे मैदान उघडलं. फुटबॉल, धावपट्टी, सायकलचा ट्रॅक, टेनिस आणि पोहण्याचा प्रचंड तलाव. सगळा खर्च हिल्स यांचा. १८९८ मध्ये संघ लंडन लीग जिंकला, १८९९ मध्ये सदर्न लीगचा दुसरा विभाग. पण दुसरा विभाग जिंकणाऱ्या त्या संघात कारखान्यात कधीच हातोडा न धरलेले, पैसे देऊन आणलेले खेळाडू होते. हिल्स यांनी कारखान्याच्या त्रैमासिकात उघड नापसंती लिहिली. जिंकण्याच्या घाईपायी भाडोत्री माणसं आणली तर क्लब कामगारांचा राहणार नाही, असा त्यांचा रोख होता. १९०० मध्ये थेम्स आयर्नवर्क्स एफसी बंद झाला आणि वेस्ट हॅम युनायटेड ही मर्यादित कंपनी उभी राहिली. १९०४ मध्ये संघाने मेमोरियल ग्राउंड्सही सोडलं आणि तो बोलिन ग्राउंडवर गेला.

मधल्या काळात एक भयंकर गोष्ट घडली. २१ जून १८९८ ला आल्बियन या युद्धनौकेचं जलावतरण होतं. कामगारांच्या बायकापोरांसह हजारो लोक जमले होते. जहाज पाण्यात सरकलं तशी मोठी लाट उसळली आणि माणसांनी भरलेला एक लाकडी पूलवजा मचाण कोसळला. बाकीच्या गर्दीचा जल्लोष इतका होता की बुडणाऱ्यांच्या हाका बराच वेळ कोणाला ऐकूच गेल्या नाहीत. तीसहून अधिक माणसं गेली, बरीचशी बायका आणि मुलं. ज्या वस्तीसाठी हा माणूस झटत होता, त्याच वस्तीतली घरं त्याच्याच गोदीत उजाड झाली. हे वाचताना मला प्रत्येक वेळी थांबावं लागतं.

बाकीचं प्रतिसादांत बोलू.

जुईची वेल

फार छान लिहिलंय. एक विचारते : गांधीजींच्या आत्मकथेत लंडनच्या शाकाहारी मंडळाचे अध्यक्ष म्हणून हिल्स नावाचे गृहस्थ येतात, ते हेच का? तिथे त्यांच्या कारखान्याचा उल्लेख आहे असं पुसटसं आठवतं.

खाडीकाठचा

हो जुईताई, तेच हे. हिल्स कट्टर शाकाहारी होते. १८८८ मध्ये लंडन व्हेजिटेरियन सोसायटी निघाली, तिचे ते पहिले अध्यक्ष. ‘द व्हेजिटेरियन’ या साप्ताहिकामागेही त्यांचाच पैसा होता. तरुण गांधींचे पहिले छापील लेख त्याच साप्ताहिकात १८९१ मध्ये आले.

आत्मकथेत हिल्स येतात तो प्रसंग मंडळाचे एक सदस्य डॉ. टी. आर. ॲलिन्सन यांचा. संततिनियमनाचा उघड पुरस्कार करतात म्हणून त्यांना मंडळातून काढावं असं हिल्स यांचं म्हणणं. गांधी तेव्हा कार्यकारिणीत होते. त्यांना स्वतःला कृत्रिम संततिनियमन पटत नव्हतं, म्हणजे मूळ मतात ते हिल्स यांच्या बाजूचे. पण मंडळ शाकाहारासाठी आहे, कोणाची नीती तपासायला नाही, आणि ॲलिन्सन शाकाहारी आहेत तोवर त्यांना काढता येणार नाही, अशी त्यांची भूमिका. मुखदुर्बळ असल्यामुळे त्यांनी म्हणणं लिहून आणलं, बैठकीत तेही वाचवेना, म्हणून अध्यक्षांनी ते दुसऱ्याकडून वाचून घेतलं. ॲलिन्सन हरले. मंडळ हिल्स यांच्या पैशावर चालतं आणि कार्यकारिणीतली बरीच माणसं त्यांच्या उपकाराखाली आहेत, हे गांधींनी पुढे स्पष्ट लिहिलं, आणि त्याच दमात हिल्स यांच्याविषयीचा आदरही.

माझ्या धाग्याचा मुद्दा मला या प्रसंगात सर्वांत स्वच्छ दिसतो. विरोधकाचं म्हणणं वाचून घेण्याइतके हिल्स सभ्य होते. पण जे मी उभं केलं ते माझ्या नीतीने चालेल, यावर ते हटायला तयार नव्हते. शाकाहारी मंडळात जे झालं तेच आठ वर्षांनी फुटबॉल क्लबात.

जुईची वेल

धन्यवाद. यावरून र. धों. कर्वे आठवले. त्यांनी १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं आणि १९२७ च्या जुलैत ‘समाजस्वास्थ्य’ सुरू केलं. त्यांच्यावर खटले झाले, प्राध्यापकी गेली. स्वच्छ चारित्र्याच्या, देणग्या देणाऱ्या, भल्या माणसांनीच त्यांना सर्वांत जास्त दूर लोटलं. त्यामुळे हिल्स यांच्या चांगुलपणाविषयी वाचताना मला ॲलिन्सन यांच्या खुर्चीत बसून बघावंसं वाटतं.

गिरणगावकर

धागा आवडला, पण दुसरी बाजू मांडतो.

आठ तास, बोनस, मैदान, तलाव, सगळं मान्य. पण हे सगळं मालकाने *दिलेलं* आहे. आपल्याकडे नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ पासून मुंबईच्या गिरणी कामगारांना जमवून सभा घेतल्या, हजारो सह्यांची निवेदनं दिली, आणि १८९० मध्ये रविवारची सुट्टी पदरात पाडून घेतली. आठ तासांचं तर सोडाच, दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत साचे चालत तेव्हाची ही गोष्ट. त्या सुट्टीसाठी कामगारांना कोणाचेही आभार मानावे लागले नाहीत आणि ती कोणी परत घेऊ शकलं नाही. हिल्स यांचं मैदान मात्र हिल्स यांची मर्जी होती तोवरच.

माझे वडील गिरणीत होते आणि कबड्डी खेळत. लालबाग-परळच्या मंडळांत घाम गाळून तयार झालेली पोरं मग गिरणीच्या, बँकेच्या, रेल्वेच्या संघात जात, कारण तिथे नोकरी मिळे. सकाळी मैदान, दुपारी खातं. आमच्या घरात खेळाने चूल पेटवली. त्यामुळे खेळाचे पैसे घेणं म्हणजे खेळ बाटवणं, हे मला कधीच पटणार नाही. पैसा नको असं म्हणणं त्यालाच परवडतं ज्याच्या घरात तो आधीच आहे.

डावी बगल

गिरणगावकरांना +१००.

मी जिल्हा पातळीपर्यंत फुटबॉल खेळलोय, म्हणून दोन ओळी इतिहासाच्या. इंग्लंडात सुरुवातीची दहा-बारा वर्षं एफए कप बहुतेक वेळा हॅरो, ईटन, ऑक्सफर्डवाल्यांच्या संघांकडे असे. १८८३ मध्ये ब्लॅकबर्न ऑलिंपिक या कामगारांच्या संघाने ओल्ड इटोनियन्सना २-१ ने हरवलं आणि कप उत्तरेकडे गेला तो गेलाच. सामन्याआधी त्या संघाला सरावासाठी ब्लॅकपूलला नेऊन ठेवलं होतं. खर्च केला सिडनी येट्स या ओतकाम कारखान्याच्या मालकाने! म्हणजे तोही लोखंडवाला, हाही लोखंडवाला. येट्सना कळलं की विणकराला आणि लोहाराला आठवडाभर काम सोडून सराव करायचा तर त्याच्या बुडालेल्या रोजाची सोय करावी लागते. १८८५ मध्ये फुटबॉल असोसिएशनने व्यावसायिक खेळाडूंना मान्यता दिली. हिल्स यांचा क्लब त्यानंतर दहा वर्षांनी निघाला. म्हणजे ज्या प्रश्नाचा निकाल लागून गेला होता, त्यावर ते उलट दिशेने पोहत होते.

खाडीकाठचा

गिरणगावकर, डावी बगल, दोघांचंही म्हणणं वजनदार आहे. वडिलांविषयी लिहिलंत ते विशेष भिडलं.

तरी हिल्स यांच्या बाजूने एक सांगतो. त्यांचा राग खेळाडूला पैसे मिळण्यावर तेवढा नव्हता, जेवढा बाहेरून माणूस आणून आपल्या माणसाला बाकावर बसवण्यावर होता. क्लब कशासाठी काढला होता? रिव्हेट ठोकून दमलेल्या पोराने शनिवारी दुपारी स्वतः खेळावं यासाठी. पगारी संघ आला की तोच पोरगा तिकीट काढून कठड्यापलीकडे उभा राहतो. आज लाखो लोक वेस्ट हॅम बघतात, पण त्यातले खेळतात अकरा. हिल्स यांना हे १८९९ मध्ये दिसत होतं, आणि ते चुकीचं दिसत होतं असं मी म्हणणार नाही.

आणि मर्जी गेली म्हणून त्यांनी पूर्ण हात काढून घेतला असंही झालं नाही. नवी कंपनी निघाली तेव्हा त्यांनी तिचे शेअर घेतले. नापसंत असलेल्या गोष्टीलाही उभं राहायला आधार दिला.

तांडेल

बोटींचा विषय निघाला म्हणून दोन भर. १८७५ च्या नोव्हेंबरात प्रिन्स ऑफ वेल्स मुंबईत उतरला तो सेरापिस या जहाजातून. हिंदुस्थानात सैन्य ने-आण करण्यासाठी बांधलेलं ते जहाज याच थेम्स आयर्नवर्क्सचं, १८६६ चं. हिल्स यांच्या आधीचं, पण कारखाना तोच.

दुसरं म्हणजे जपानच्या फुजी आणि शिकिशिमा या युद्धनौकाही इथल्याच, १८९६ आणि १८९८ मध्ये पाण्यात उतरलेल्या. १९०५ मध्ये त्सुशिमाच्या लढाईत जपानने रशियाचं आरमार बुडवलं तेव्हा या दोन्ही नौका तिथे होत्या. त्या विजयाने हिंदुस्थानात केवढी उभारी आली होती ते सगळ्यांना माहीत आहे. शनिवारी फुटबॉल खेळणारे हे रिव्हेटवाले आठवडाभर काय बांधत होते, तर हे.

अंगणवाचक

वाचनखूण साठवली. कारखान्याचं पुढे काय झालं?

खाडीकाठचा

बंद पडला. कोळसा आणि लोखंड उत्तरेला. क्लाइड आणि टाइन या नद्यांच्या काठच्या गोद्यांना दोन्ही दाराशी मिळे. लंडनला ते वाहून आणावं लागे, शिवाय लंडनची मजुरी जास्त. युद्धनौका मोठ्या होत गेल्या आणि बो क्रीकची जागा अपुरी पडू लागली. एकेक करून थेम्सवरच्या सगळ्या मोठ्या गोद्या मिटल्या, हा एकच उरला. १९११ च्या १ फेब्रुवारीला थंडरर ही प्रचंड युद्धनौका पाण्यात उतरली. थेम्सवर बांधलेली ती शेवटची मोठी युद्धनौका. त्या कामाने कंपनीचं कंबरडंच मोडलं आणि १९१२ च्या अखेरीस कारखान्याला टाळं लागलं.

तोवर हिल्स यांचं शरीर संधिवाताने पूर्ण जखडलं होतं. जो माणूस मैलाच्या शर्यतीत साऱ्या इंग्लंडच्या पुढे धावला होता, त्याला आडव्या अवस्थेत स्ट्रेचरवरून न्यावं लागे. तशाही स्थितीत ते कारखान्याला सरकारी काम मिळावं म्हणून भांडत राहिले. आरमार खातं उत्तरेकडच्या गोद्यांना झुकतं माप देतं ही त्यांची तक्रार होती. आपल्या कारखान्यात आठ तास आणि लंडनचा मजुरीदर पाळला जातो, त्याची किंमत निविदांमध्ये मोजली जात नाही, हे त्यांना खुपत असे. गिरणगावकर, इथे तरी तुम्ही त्यांच्या बाजूने उभे राहाल असं वाटतं. मजुरी कापून आणि तास वाढवून त्यांनी कारखाना ओढत नेला नाही.

हिल्स १९२७ मध्ये वारले.

गिरणगावकर

इथे आहे त्यांच्या बाजूने. मजुरीला हात न लावता बुडालेला मालक मीही मान्य करतो. पण कारखाना बुडाला तेव्हा कॅनिंग टाउनच्या हजारो घरांना त्या निविदेत बोलण्याचा काहीच अधिकार नव्हता, हेही लिहून ठेवतो. ८२ च्या संपानंतर आमच्याकडे जे झालं, त्यात आम्हाला तेवढं तरी ओरडता आलं.

जुईची वेल

माझी भाची लंडनला असते. पुढच्या वर्षी जाणं झालं तर यातलं काही बघता येईल का?

खाडीकाठचा

नक्की. कॅनिंग टाउनच्या भुयारी रेल्वे स्थानकात काँक्रीटच्या भिंतीवर थेम्स आयर्नवर्क्सचा इतिहास कोरलेला आहे, रिचर्ड किंडर्स्ली यांचं काम. गाडी बदलताना माणसं समोरून निघून जातात, तुम्ही थांबून वाचा. तिथून जवळच प्लास्टोला ईस्ट लंडन स्मशानभूमीत आल्बियन दुर्घटनेतल्या मृतांचं स्मारक आहे. मेमोरियल ग्राउंड्सच्या जागी आजही खेळाचं मैदान आहे. एक दिवस जास्तीचा असेल तर पोर्ट्समथला जा. वॉरियर तिथे धक्क्याला उभी आहे आणि आत फिरता येतं. पत्र्यांवरचे रिव्हेट जवळून बघा, आणि फोटो इथे टाका.